अल्पसंख्याक शाळेत शिक्षक भरती: सरकार कुठवर, संस्था कुठवर? मराठवाड्यातल्या उमेदवारांचे नेहमीचे प्रश्न

पेपरात जाहिराती दिसायला लागल्या की परभणी, उदगीर, बीड, देगलूर असे सगळीकडून फोन सुरू होतात आणि प्रश्न तेच ते असतात. दोन टोकाची माणसं भेटतात. एक म्हणतात अल्पसंख्याक शाळा आहे, तिथं सगळं चालतंय, ना टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) ना सरकारी भरतीचं पोर्टल, अध्यक्षानं सही केली की नोकरी पक्की. दुसरे म्हणतात असल्या शाळेत जाऊच नका, नेमणुकीला शिक्षण विभागाची मान्यता कधीच येत नाही. दोन्ही खोटं. म्हणून एकदाच बसून लिहून काढलंय, ज्याला लागंल त्यानं वाचावं.

अल्पसंख्याक शाळा म्हणजे मुसलमानांची शाळाच का?

नाही हो. अल्पसंख्याक दोन प्रकारचे, धर्मानं आणि भाषेनं. धर्मानं म्हणजे आपल्या राज्यात मुस्लिम, ख्रिश्चन, शीख, बौद्ध, जैन, पारशी आणि २०१६ पासून ज्यू. भाषेनं म्हणजे मराठी सोडून दुसरी मातृभाषा असणारे, गुजराती, हिंदी, सिंधी, तेलुगू, कन्नड सगळे. मारवाडी किंवा सिंधी समाजाच्या संस्थेनं भाषिक अल्पसंख्याक म्हणून दर्जा घेतलेला असू शकतो आणि तिथं पोरं शंभर टक्के मराठी माध्यमात शिकत असतील. आपल्याकडं उर्दू शाळा डोळ्यात भरतात कारण निजामाच्या राज्यात कारभार आणि शिक्षण उर्दूतच होतं, १७ सप्टेंबर १९४८ नंतर ते बदललं पण शाळांची परंपरा राहिली. धर्माबाद, बिलोलीकडं तेलुगू आणि उमरगा, उदगीरकडं कन्नड बोलणारे आहेतच.

आणि अल्पसंख्याक कोण ते राज्य धरून मोजायचं, देश धरून नाही. हे सुप्रीम कोर्टाच्या ११ न्यायाधीशांच्या पीठानं टी. एम. ए. पै फाउंडेशन केसमध्ये २००२ साली ठरवलं. म्हणून तेलुगू माणूस तेलंगणात बहुसंख्य आणि नांदेड जिल्ह्यात अल्पसंख्याक.

बोर्डावर "अल्पसंख्याक" लिहिलंय, तेवढं पुरे का?

बोर्ड कुणीबी रंगवतंय. प्रमाणपत्र बघा. ते राज्याच्या अल्पसंख्याक विकास विभागाकडून मिळतं (हा विभाग २००८ मध्ये वेगळा झाला) नाहीतर दिल्लीच्या राष्ट्रीय अल्पसंख्याक शैक्षणिक संस्था आयोगाकडून, त्या आयोगाचा कायदा २००४ चा. मुलाखतीला गेलात की क्लार्कला सरळ विचारा, दादा दर्जाचं पत्र आहे का, कोणत्या तारखेचं. कारण कसंय, मोकळीक त्या दर्जामुळं आहे. दर्जा नसताना संस्थेनं परस्पर भरती केली तर ती फाईल शिक्षणाधिकारी कार्यालयात उभीच राहत नाही, आणि संस्थेचं काही जात नाही, अडकता ते तुम्ही.

अध्यक्षसाहेब म्हणतात घटनेनं आम्हाला अधिकार दिलाय, सरकारला हातच घालता येत नाही. खरं का?

अर्धं खरं. घटनेचं कलम ३०(१) म्हणतं की धार्मिक आणि भाषिक अल्पसंख्याकांना आपल्या पसंतीच्या शिक्षणसंस्था काढायचा आणि चालवायचा हक्क आहे. कलम ३०(२) म्हणतं की अनुदान देताना सरकारनं भेदभाव करायचा नाही. आपला माणूस आपण निवडणं हा "चालवायच्या" हक्कातला मोठा भाग, ते कोर्टानं वेळोवेळी मान्य केलंय. पण १९५८ पासून, केरळ शिक्षण विधेयकाच्या प्रकरणापासून, कोर्ट हेही सांगत आलंय की कारभार करायचा हक्क म्हणजे गैरकारभार करायचा हक्क नव्हे. शिक्षकाची किमान पात्रता, पगार, सेवाशर्ती, काढून टाकताना चौकशी, यावर सरकार नियम करू शकतं. अनुदान घेत असेल तर अजूनच.

मी उमेदवारांना एवढंच सांगतो, निवड संस्थेची, पात्रता सरकारची. बाकीचे सगळे वाद या दोनाच्या मधल्या पट्ट्यात होतात आणि वकिलांची घरं त्यावरच चालतात.

आपल्या राज्यात कायदा कोणता लागतो मग?

महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम १९७७, आणि त्याची १९८१ ची नियमावली. शाळेत सगळे नुसतं "एमईपीएस" म्हणतात. हा अल्पसंख्याक शाळेलाही लागतो, यातच लोकांची गफलत होती. सूट आहे पण मोजकी. कलम ३(२) सांगतं की अल्पसंख्याक शाळेचा मुख्याध्यापक आणि अजून जास्तीत जास्त तीन माणसं, ज्यांची नावं संस्थेनं संचालक किंवा उपसंचालकांना कळवलीत, त्यांच्या भरतीला हा कायदा लागणार नाही. बाकी स्टाफला लागतो. ती तीन नावं कळवलेलीच नसतात बऱ्याच ठिकाणी, आणि मग वाद झाला की मागच्या तारखेचं पत्र शोधायला पळापळ.

पवित्र पोर्टलवरून यावं लागतं का?

नाही. पवित्र पोर्टल २०१७ मध्ये आलं, अभियोग्यता चाचणी घेऊन गुणानुक्रमानं जिल्हा परिषद आणि खाजगी अनुदानित शाळांत शिक्षक द्यायचे म्हणून. चाचण्या २०१७, २०२३ आणि २०२५ ला झाल्या. अल्पसंख्याक संस्थेला मात्र तिथूनच माणूस घे अशी सक्ती नाही, ती स्वतः जाहिरात देते, स्वतः मुलाखत घेते. यात फायदा असा की तुमचं पोर्टलवर नाव नसलं तरी दार उघडं आहे. तोटा असा की मार्क कितीबी असू द्या, आतला माणूस आधीच ठरलेला असला तर तुमची मुलाखत नुसती चहापाण्याची. दोन्ही खरंय, राग येऊ देऊ नका.

आरक्षण असतं का भरतीत?

बिंदुनामावलीची, म्हणजे कोणती जागा कोणत्या आरक्षणाची त्या तक्त्याची, सक्ती नाही. सुप्रीम कोर्टानं २०१० मध्ये दिल्लीच्या सिंधी एज्युकेशन सोसायटीच्या केसमध्ये सांगितलं की अनुदान घेणाऱ्या भाषिक अल्पसंख्याक शाळेवरही स्टाफमधलं आरक्षण लादता येत नाही. जातीचा दाखला, व्हॅलिडिटी घेऊन "माझी जागा द्या" म्हणता येणार नाही. संस्थेनं आपखुशीनं घेतलं तर घेतलं.

मी हिंदू आहे, बौद्ध आहे, उर्दू शाळेत अर्ज करू का?

करा की. शिक्षक त्याच धर्माचा पाहिजे असा कुठलाच कायदा नाही. अडचण धर्माची नसते, माध्यमाची असते. गणित उर्दूतून शिकवायचं म्हटल्यावर उर्दू यायलाच पाहिजे. पण मराठी विषय बघा, २०२० च्या कायद्यानं पहिली ते दहावी सगळ्या माध्यमांच्या शाळांत मराठी सक्तीचं झालंय, तर उर्दू, तेलुगू, इंग्रजी सगळ्या शाळांना मराठीचा माणूस लागतो. उर्दू हायस्कुलात मराठी शिकवत आयुष्य काढलेले देशमुख, कांबळे, जाधव सर मराठवाड्यात जागोजाग भेटतील. पोरं मोठी होऊन कुठं बाजारात भेटली तर "सर, सलाम" म्हणून पिशवी हातातून घेतात.

टीईटी पाहिजे का नको? सगळे वेगवेगळं सांगायलेत.

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न, म्हणून जरा लांबण लावतो.

टीईटी आली शिक्षण हक्क कायद्यातून. त्या कायद्याच्या कलम २३ खाली एनसीटीईनं (राष्ट्रीय शिक्षक शिक्षण परिषद) २३ ऑगस्ट २०१० ला पात्रता ठरवली, त्यात पहिली ते आठवीच्या शिक्षकाला टीईटी घातली. आपल्या राज्यात पहिली परीक्षा डिसेंबर २०१३ ला झाली. मग २०१४ मध्ये प्रमती केसमध्ये सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी सांगून टाकलं की शिक्षण हक्क कायदा अल्पसंख्याक शाळांना लागूच नाही, अनुदानित असो का विनाअनुदानित. झालं, संस्था म्हणायला लागल्या कायदा नाही तर टीईटी पण नाही. शिक्षण विभाग म्हणायचा शिक्षकाची पात्रता ती पात्रता, शाळा कुणाचीबी असो. हायकोर्टात केसेसचा ढीग झाला.

ते सगळं वर गेलं आणि १ सप्टेंबर २०२५ ला सुप्रीम कोर्टाच्या न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती मनमोहन यांच्या पीठानं अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात निकाल दिला. केस आपल्याच राज्यातली बरं का. त्यात बिगर अल्पसंख्याक शाळांतल्या नोकरीत असलेल्या मास्तरांना झटका बसला: ज्यांची पाच वर्षांपेक्षा जास्त नोकरी शिल्लक आहे त्यांनी दोन वर्षांत टीईटी पास व्हायचं, ज्यांची कमी उरलीय ते निवृत्तीपर्यंत राहतील पण टीईटीशिवाय प्रमोशन नाही. पन्नाशीला आलेली माणसं बालमानसशास्त्राची गाईडं घेऊन बसली. अल्पसंख्याक शाळांबद्दल मात्र या पीठानं म्हटलं की आम्हाला प्रमतीचा निकालच पुन्हा तपासावा असं वाटतंय, आणि प्रश्न मोठ्या पीठाकडं जावा म्हणून सरन्यायाधीशांपुढं ठेवायला सांगितला. त्याचा फैसला होईपर्यंत अल्पसंख्याक शाळा त्या बंधनाच्या बाहेर.

म्हणजे कागदावर आज सूट आहे, पण ती सूट टांगलेली आहे. उद्या मोठं पीठ उलटं बोललं तर तुमच्यासारख्यांनाच पळावं लागणार. म्हणून माझं मत, टीईटी द्याच. दीडशे मार्कांचा पेपर, खुल्या गटाला ६० टक्के म्हणजे ९० मार्क, आता प्रमाणपत्र आयुष्यभर चालतं आणि ते शाळेचं नसून तुमचं असतं, उद्या दुसरीकडं गेलात तरी कामाला येतं. फक्त स्वतः पास व्हा. २०१९-२० च्या परीक्षेतला घोटाळा बाहेर आल्यावर पैसे देऊन पास झालेल्यांची जी गत झाली ती सगळ्यांनी बघितलीय.

नववीच्या पुढं शिकवणाऱ्याला टीईटीचा प्रश्न येत नाही, तिथं पदवी आणि बीएड.

माझं बीएड आहे, पहिली ते पाचवीवर घेतो म्हणायलेत.

घेऊ द्या, मान्यता येणार नाही. सुप्रीम कोर्टानं ११ ऑगस्ट २०२३ ला सांगितलंय की प्राथमिकला बीएड चालत नाही, डीएडच (आता डीएलएड म्हणतात) पाहिजे.

जाहिरातीपासून पगारापर्यंत फाईल कशी जाते?

आधी संचमान्यता. शाळेत किती पोरं, त्यावर किती शिक्षक मंजूर, तो कागद. पोरं आधारशी जोडलेली पाहिजेत, ३० सप्टेंबरचा पट धरतात. पटाचा धाक आपल्याकडं जुनाय, २०११ ची राज्यभरातली पटपडताळणी ज्यात पोरांच्या बोटाला शाई लावून मोजली, त्याची सुरुवात नांदेड जिल्ह्यातूनच झाली होती. १५ मार्च २०२४ च्या शासन निर्णयानं निकष अजून कडक झाले. तर मुद्दा, पद मंजूर आणि रिकामं आहे का ते संचमान्यतेत बघा. पदच नसेल तर अल्पसंख्याक दर्जा काय कामाचा, सरकार नसलेल्या पदाचा पगार देत नाही.

मग जाहिरात, मुलाखत, निवड समितीचा ठराव, नेमणूक आदेश, हजर रिपोर्ट. मग संस्था वैयक्तिक मान्यतेचा प्रस्ताव जिल्हा परिषदेत शिक्षणाधिकाऱ्याकडं टाकते. मान्यता आली की शालार्थ आयडीसाठी (ऑनलाइन पगाराच्या यादीतला तुमचा नंबर) फाईल उपसंचालक कार्यालयात. आयडी पडला की पगार.

नेमणूक आदेश हातात पडला की पेढे वाटायच्या आधी तो कागद खिडकीजवळ नेऊन नीट वाचा. जावक क्रमांक आहे का. तारीख छापलेली आहे का नंतर पेनानं भरायला जागा सोडलीय. पद कोणतं, विषय कोणता, कुणाच्या जागेवर, म्हणजे "अमुक सेवानिवृत्त झाल्यामुळे रिक्त" असं स्पष्ट लिहिलंय का. अनुदानित पद आहे का विनाअनुदानित तुकडी. सही सचिवाची का मुख्याध्यापकाची. आणि खाली "शिक्षण विभागाच्या मान्यतेच्या अधीन राहून" ही ओळ असतीच. जाहिरातीचं कात्रण ठेवताना नुसती चौकट कापू नका, पेपरचं पूर्ण पान ठेवा, वरची तारीख दिसली पाहिजे. त्रुटीचं पत्र येतं ते बहुतेक असल्याच फालतू गोष्टीवर येतं, झेरॉक्सवर खरी प्रत शिक्का नाही, ठरावावर दोन सदस्यांच्या सह्या नाहीत. एका त्रुटीत फाईल महिनाभर झोपती. स्वतःची एक पूर्ण प्रत टॅग लावून घरी ठेवा, संस्थेच्या कपाटावर भरवसा ठेवू नका.

२०२५ मध्ये नागपूर विभागातलं बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण गाजलं, अटका झाल्या, तेव्हापासून सगळीकडं जुन्या फायली उकरून बघायलेत. मागची तारीख टाकून नेमणूक देतो म्हणणाऱ्याला तर हात जोडून नमस्कार करा आणि निघा.

अतिरिक्त शिक्षक आधी घ्या, मग नवीन भरा, असं कार्यालय म्हणतंय. संस्था नाही म्हणू शकते का?

दुसरीकडचा अतिरिक्त मास्तर, म्हणजे पट पडून ज्याचं पद गेलं तो, अल्पसंख्याक संस्थेच्या गळ्यात मारता येत नाही, असं मुंबई हायकोर्टानं वेगवेगळ्या केसेसमध्ये सांगितलंय, कारण मग निवडीचा हक्क उरला कुठं. २ मे २०१२ च्या शासन निर्णयानं अतिरिक्त मास्तरांचं समायोजन होईपर्यंत नवीन भरती थांबवली, त्यानंतरच्या नेमणुकांच्या फायली याच मुद्द्यावर अडकल्या आणि बऱ्याच कोर्टातून सुटल्या. याची दुसरी बाजू कुणी सांगत नाही. उद्या तुमच्या शाळेचा पट पडला आणि तुम्हीच अतिरिक्त झालात तर तुम्हाला घ्यायची सक्तीही दुसऱ्या अल्पसंख्याक संस्थेवर करता येत नाही.

मी सगळ्यात सिनियर, मुख्याध्यापक ज्युनियरला केलं.

दुखतं, पण कायदा संस्थेच्या बाजूनं आहे. १९९८ मध्ये एन. अम्माद केसमध्ये आणि २००६ मध्ये मलंकारा सिरियन कॅथोलिक कॉलेजच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की प्रमुख कोण हे अल्पसंख्याक संस्था ठरवणार, ज्येष्ठता आडवी येत नाही. पात्र माणूस निवडला की कार्यालयानं नाक खुपसायचं नाही. तुम्ही फक्त एवढं बघा की निवडलेला पात्र आहे का. पात्रता सरकार ठरवू शकतं. हायस्कूलच्या मुख्याध्यापकाला नियमावलीत पदवी, बीएड आणि पाच वर्षांचा अनुभव, त्यातली दोन वर्षं बीएडनंतरची, असं आहे. पात्र असेल तर मन मोठं करा, नसेल तर लिहून द्या.

मान्यता आली नाही म्हणून संस्था उद्यापासून येऊ नको म्हणते.

येऊ नको असं तोंडी म्हणत असतील तर जात राहा आणि हजेरी पटावर सही करू देत नसतील तर त्याच दिवशी रजिस्टर पोस्टानं पत्र टाका. लेखी काढलं तर कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील, आदेश हातात पडल्यापासून ३० दिवसात. अल्पसंख्याक शाळेतल्या माणसालाही हा रस्ता आहे. मुंबई हायकोर्टाच्या पूर्णपीठानं सेंट उलाई हायस्कूलच्या केसमध्ये सांगितलंय की शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता नाही एवढ्यावरून नेमणूकच बेकायदा होत नाही, मान्यतेचा संबंध मुख्यतः अनुदानाशी. हे वकिलाला आवर्जून सांगा. कार्यालयानंच मान्यता नाकारली असेल तर ते हायकोर्टाचं काम, आपल्यासाठी औरंगाबाद खंडपीठ.

सुरुवातीला पगार किती?

अनुदानित पदावर आधी तीन वर्षं शिक्षण सेवक. मानधन जानेवारी २०२३ पासून प्राथमिकला १६ हजार, माध्यमिकला १८ हजार, उच्च माध्यमिकला २० हजार. त्याआधी सहा, आठ, नऊ हजार होतं, त्यात लोकांनी लग्नं केली, संसार केले. तीन वर्षांनी वेतनश्रेणी. जुनी पेन्शन विचारूच नका, १ नोव्हेंबर २००५ नंतरच्याला नाही.

विनाअनुदानित असेल तर सरकारी रुपया नाही. कायदा त्यालाही लागतो आणि कागदावर वेतनश्रेणीचा हक्कही आहे, हातात मात्र संस्था देईल ते पडतं. "दोन वर्षात वीस टक्क्यावर येतोय" (म्हणजे वीस टक्के अनुदान मिळणार) हे वाक्य मराठवाड्यात किती मास्तर किती वर्षं ऐकायलेत ते मोजायला कॅल्क्युलेटर पुरणार नाही. शाळा कोणत्या टप्प्यावर आहे, तुमची तुकडी त्यात आहे का, याचा शासन निर्णय दाखवा म्हणा.

डोनेशन मागायलेत. द्यावं का?

याला उत्तर सगळ्यांना माहीत असतं तरी विचारतात. नोकरीसाठी पैसे घेणं कुठल्याच कायद्यात बसत नाही, अल्पसंख्याक हक्काचा त्याच्याशी सुतराम संबंध नाही. शेत विकून पैसे दिलेले आणि मान्यता न आलेले लोक मला माहितीयेत, पावती नाही, साक्षीदार नाही, मागायला गेलं की "वरती दिले" म्हणतात. "इमारत निधी" म्हणून पावती देतो म्हणाले तरी तेच. आणि कार्यालयात फाईल पुढं सरकवायला कुणी मागत असेल तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा नंबर १०६४.

उद्या सरकारनं कायदा करून अल्पसंख्याक शाळांत पण आयोगामार्फत मास्तर दिले तर?

पश्चिम बंगालनं केलंय. तिथल्या अनुदानित मदरशांसाठी २००८ च्या कायद्यानं सेवा आयोग आणला, कलकत्ता हायकोर्टानं तो रद्द केला आणि ६ जानेवारी २०२० ला सुप्रीम कोर्टानं कोंताई रहमानिया हाय मदरशाच्या प्रकरणात परत उभा केला. कोर्टाचं म्हणणं असं, गणित, विज्ञान, इतिहास असले सगळ्यांना सारखे असलेले विषय शिकवायला उत्तम माणूस मिळावा म्हणून सरकार निवडप्रक्रिया ठरवू शकतं, त्यानं हक्क मारला जात नाही. समाजाची भाषा, धर्म, संस्कृती हा विषय असेल तिथं मात्र संस्थेला जास्त मोकळीक. संस्थाचालकांना हा निकाल आवडत नाही, उमेदवारांना फार आवडतो. आपल्याकडं तसा आयोग नाही, त्यामुळं बंगालचा निकाल दाखवून इथल्या संस्थेची निवड अडवता येणार नाही. माझं विचाराल तर निवड संस्थेकडंच राहू द्यावी, पण जाहिरात, मुलाखतीचे मार्क आणि निवड यादी सगळ्यांना दिसंल अशी भिंतीवर लावायची सक्ती करावी. पैसे संस्थेच्या नाही, लोकांच्या खिशातून चाललेत.

कोणत्या ऑफिसला जायचं?

पहिली ते आठवी असेल तर जिल्हा परिषदेतले शिक्षणाधिकारी प्राथमिक, हायस्कूल असेल तर माध्यमिक. त्यावरचं उपसंचालक कार्यालय: छत्रपती संभाजीनगर, जालना, बीड, परभणी, हिंगोलीचं छत्रपती संभाजीनगरला, आणि लातूर, नांदेड, धाराशिवचं लातूरला. हिंगोलीचा माणूस नांदेड जवळ म्हणून लातूरच्या ऑफिसात जाऊन बसतो आणि दिवस वाया जातो, असं करू नका. जाताना अर्जाची दुसरी प्रत न्या, आवकला शिक्का आणि तारीख घ्या, आणि जेवणाच्या सुट्टीच्या आधी पोहोचा.